गोमंतकातील फिरते कलावंत आणि अनुबोधपट

गोमंतकातील गायक-वादकांची नावे नुसती ओळीने वाचीत गेले, तरी त्या भूमीचा नकाशा डोळ्यांपुढे उभा राहतो. केरकर, कुर्डीकर, मालपेकर, पर्वतकर, मंगेशकर, पेडणेकर. यांतील प्रत्येक नावामागे एक गाव आहे. कुठे ते देवळाभोवती वसलेले आहे, कुठे खाडीच्या काठी, तर कुठे डोंगराच्या कुशीत. मात्र गावातच राहणाऱ्या माणसाला गावाचे नाव लावण्याची गरज पडत नाही. त्याला तेथे सारेच ओळखतात. जो गाव सोडून परमुलखात जातो, त्यालाच 'आपण कुठले?' या प्रश्नाचे उत्तर जवळ बाळगावे लागते. म्हणून ही आडनावे म्हणजे एका फिरत्या जमातीची ओळखपत्रे होत. पोटासाठी, विद्येसाठी आणि कधी कधी मानासाठी वाट तुडविणाऱ्या माणसांनी आपले गाव आपल्या नावात बांधून नेले.

या माणसांचे सूर आपल्याला थोडेफार ठाऊक आहेत. त्यांच्या ध्वनिमुद्रिका निघाल्या, त्यांच्या बैठकींच्या आठवणी रसिकांनी लिहिल्या, त्यांच्या नावाने समारोह होतात. परंतु ही माणसे जगली कशी, कोणत्या वाटेने गेली, कुठे उतरली, कुणाच्या दारात ताटकळली, रात्रभर गाऊन सकाळी काय खाऊन पुढच्या गावाला निघाली, याची नोंद फार थोडी आहे. सुराचा सन्मान झाला, पण त्या सुरामागचे जिणे पुष्कळदा झाकून ठेवले गेले. अनुबोधपट करणाऱ्याचे काम नेमके या ठिकाणी सुरू होते. ध्वनिमुद्रिकेने आयुष्यापासून वेगळा काढलेला सूर पुन्हा त्या आयुष्याशी जोडून दाखविणे, हे ते काम होय. गोमंतकात ते उशिरा सुरू झाले. त्याला इतिहासात कारणे आहेत, आणि त्यांपैकी बरीचशी पेडणे आणि डिचोली या उत्तरेकडील दोन तालुक्यांच्या भूमीवरच सापडतात.

पेडण्याच्या उत्तरेला तेरेखोलची नदी आणि दक्षिणेला शापोऱ्याची. डिचोली त्याहून आत, डोंगराच्या बाजूला. हे दोन्ही महाल अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत सावंतवाडीच्या भोसल्यांकडे होते. डिचोली १७८१ मध्ये आणि पेडणे १७८८ मध्ये पोर्तुगीजांच्या ताब्यात गेले आणि 'नव्या काबिजादी'त त्यांची गणना होऊ लागली. तिसवाडी, बारदेस आणि साष्टी या जुन्या काबिजादींतील देवळे सोळाव्या शतकातच पाडली गेली होती. तेथील देव भक्तांनी रात्रीच्या अंधारात नदीपार नेले. दिवाडी बेटावरचा सप्तकोटेश्वर असाच डिचोलीतील नार्वे येथे आला, आणि त्याचे देऊळ शिवाजीमहाराजांनी १६६८ मध्ये नव्याने उभे केले. नव्या काबिजादी पोर्तुगीजांच्या हाती गेल्या तेव्हा धर्मच्छळाचा तो पहिला आवेश ओसरला होता. त्यामुळे येथील देवळे राहिली, त्यांच्या जत्रा राहिल्या, पालख्या राहिल्या आणि पालखीपुढे गाणारी-वाजविणारी माणसेही राहिली.

जत्रा हा या मुलखातील कलेचा कणा होता. एका गावची जत्रा संपली की दुसऱ्या गावची सुरू होई. कलावंत त्या क्रमाने फिरत. त्यांचे तीन वर्ग ठळकपणे दिसतात. पहिला वर्ग देवळांच्या सेवेतील कलावंत घराण्यांचा. त्यांतील स्त्रिया गात आणि नाचत, पुरुष सारंगी-तबल्याची साथ करीत. दुसरा वर्ग संगीत नाटक मंडळ्यांचा. त्या गोव्यातून निघून सांगली, कोल्हापूर, पुणे, मुंबईपर्यंत मजल मारीत. तिसरा वर्ग दशावतारी मंडळ्यांचा. त्या आपला पेटारा घेऊन सावंतवाडी, वेंगुर्ले, पेडणे, डिचोली या टापूत रात्रीमागून रात्र जागवीत. राज्य बदलले, सरहद्दीवर जकातनाका बसला, तरी पेडण्याच्या जत्रेतला दशावतार आणि पलीकडच्या तळकोकणातला दशावतार एकच राहिला. भोसल्यांच्या राज्याची सीमा कागदावरून गेली, पण कलावंतांच्या पायांखालून ती गेली नाही.

या फिरस्तीचे एक उत्तम उदाहरण म्हणजे रामकृष्णबुवा वझे. सावंतवाडी संस्थानात १८७१ साली जन्मलेला हा मुलगा गाण्याच्या ओढीने घराबाहेर पडला आणि हालअपेष्टा सोशीत उत्तरेत पोहोचला. ग्वाल्हेरच्या निसार हुसेन खाँसाहेबांची विद्या त्यांनी मिळविली. पुढे नामवंत झाल्यावरही त्यांचे फिरणे थांबले नाही. मैफिली, दरबार, नाटक मंडळ्यांच्या पदांना चाली देणे आणि जागोजाग शिष्यांना तालीम देणे, असा त्यांचा क्रम असे. दीनानाथ मंगेशकरांनाही त्यांची तालीम लाभली. 'संगीत कलाप्रकाश' हा ग्रंथ लिहून वझेबुवांनी आपली विद्या कागदावर ठेवली. १९४५ मध्ये पुण्यास त्यांचे निधन झाले.

हे वझेबुवा डिचोलीजवळच्या लामगावी येत असत. लामगावचे नाव आज तेथल्या प्राचीन लेण्यांमुळे अभ्यासकांना ठाऊक आहे. पण संगीताच्या इतिहासातही या लहानशा गावाला जागा दिली पाहिजे. कारण फोंडा महालातील केरी गावची एक मुलगी, कोल्हापुरास अब्दुल करीम खाँसाहेबांकडे काही महिने शिकून परत आल्यावर, वझेबुवा लामगावी आले म्हणजे त्यांच्याकडून शिकत असे. या शिक्षणाला शाळा नव्हती, वेळापत्रक नव्हते. गुरू फिरता, म्हणून शिष्येचे शिक्षणही फिरते. गुरू येईल तेव्हा पाठ मिळायचा. तो पुढच्या मुक्कामाला गेला की त्या पाठावर महिनेच्या महिने मेहनत करीत बसायचे. ही मुलगी म्हणजेच पुढे 'सूरश्री' म्हणून गाजलेल्या केसरबाई केरकर. १९२१ पासून अल्लादिया खाँसाहेबांची तालीम त्यांना मिळाली आणि १९४६ मध्ये खाँसाहेब पैगंबरवासी होईपर्यंत ती चालू होती.

केसरबाईंच्या भैरवीची एक ध्वनिमुद्रिका १९७७ साली अमेरिकेच्या व्हॉयेजर यानांवरील सोन्याचा मुलामा दिलेल्या तबकडीत घातली गेली. पृथ्वीवरच्या निवडक संगीताचा तो नमुना. व्हॉयेजर-१ हे यान ५ सप्टेंबर १९७७ रोजी झेपावले आणि त्यानंतर अवघ्या अकरा दिवसांनी, १६ सप्टेंबरला, केसरबाई निवर्तल्या. २०१२ साली ते यान सूर्याच्या प्रभावक्षेत्राची सीमा ओलांडून ताऱ्यांमधल्या अवकाशात शिरले. गोमंतकाच्या एका फिरत्या गायिकेचा सूर इतका दूर गेला! परंतु त्या साडेतीन मिनिटांत केरी नाही, लामगाव नाही, गुरूची वाट पाहण्यात गेलेले दिवस नाहीत. सूर गेला, वाट मात्र मागे राहिली.

हा दोष तबकडीचा नव्हे. १९०२ साली हिंदुस्थानात ध्वनिमुद्रण सुरू झाले तेव्हापासून कित्येक दशके तबकडीच्या एका बाजूला तीन-साडेतीन मिनिटांचेच गाणे मावत असे. तासभर फुलणारा राग त्या मापात कापून बसवावा लागे. शिवाय गाण्यातले काही कसब असे असते की त्याला कानाबरोबर डोळ्याचीही साक्ष लागते. लयभास्कर खाप्रुमामा पर्वतकर दोन हातांनी, दोन पायांनी आणि मुखाने एकाच वेळी निरनिराळे ताल धरीत, असे त्यांना पाहिलेले जाणकार सांगत आले. असले नवल ऐकून अर्धेच कळणार; ते पाहावयास हवे. त्या हातापायांची हालचाल आज कुणाला दाखवावयाची असेल, तर शब्दांवाचून दुसरे साधन सापडणे कठीण आहे.

पेडण्याच्या अंजनीबाई मालपेकरांची कहाणी याहून वेगळी आहे. मालपे हे पेडणे महालातील गाव. १८८३ साली जन्मलेल्या अंजनीबाईंना लहानपणीच मुंबईत भेंडीबाजार घराण्याच्या नजीर खाँसाहेबांची तालीम मिळाली. १८९९ मध्ये त्यांची पहिली मैफल झाली. पुढे संस्थानिकांच्या दरबारांतून त्यांचे गाणे गाजले. त्यांच्या रूपाची कीर्तीही तेवढीच होती आणि राजा रविवर्म्यांच्या चित्रांमागे त्यांचा चेहरा असल्याचे सांगितले जाते. चाळिशीच्या सुमारास, १९२३ मध्ये, त्यांनी जाहीर मैफिली सोडल्या. त्यानंतर जवळजवळ पन्नास वर्षे त्या जगल्या, शिकवीत राहिल्या. १९५८ साली संगीत नाटक अकादमीने आपला सर्वोच्च सन्मान त्यांना दिला, आणि १९७४ मध्ये त्या गेल्या. म्हणजे कुंचल्याने त्यांचे तारुण्य टिपले असेल. पण पुढची पन्नास वर्षे? कीर्तीच्या शिखरावर असताना मैफल सोडणाऱ्या स्त्रीच्या मनात काय होते? दरबारांच्या त्या प्रवासांनी तिला काय दिले आणि तिच्याकडून काय घेतले? या प्रश्नांना चित्रातली स्तब्ध आकृती उत्तर देऊ शकत नाही.

नावात पेडणे असलेल्या हिराबाई पेडणेकरांचे आयुष्य तर जवळजवळ डोळ्यांआडच झाले. सावंतवाडीत जन्मलेल्या हिराबाई गाण्यात तयार होत्याच, शिवाय 'जयद्रथ विडंबन' आणि 'संगीत दामिनी' ही नाटके लिहून त्या मराठीतील आद्य स्त्री-नाटककार ठरल्या. त्यांचे 'दामिनी' केशवराव भोसल्यांच्या ललितकलादर्श मंडळीने १९१२ साली रंगभूमीवर आणले. मुंबईच्या नामांकित साहित्यिकांची त्यांच्याकडे ऊठबस होती. तरीही प्रतिष्ठित समाजाने त्यांना आपल्यात बरोबरीची जागा दिली नाही. अखेर त्या गुहागरजवळच्या पालशेतला जाऊन राहिल्या आणि १९५१ मध्ये तेथेच निवर्तल्या. वसंत कानेटकरांनी त्यांच्या जीवनावरून 'कस्तुरीमृग' हे नाटक लिहिले, म्हणून पुढच्या पिढीला त्यांची आठवण झाली. पण नाटकातली नायिका आणि प्रत्यक्ष बाई यांत अंतर असतेच.

येथेच या विषयाचे मर्म आहे. कलावंत घराण्यांतील स्त्रियांच्या कलेला दाद मिळे. त्यांच्या जन्माला मात्र बोल लागे. विसाव्या शतकाच्या आरंभापासून त्या समाजातील कर्त्या माणसांनी या स्थितीविरुद्ध चळवळ केली. गोमंतक मराठा समाज उभा राहिला. शिक्षणाचा आग्रह धरला गेला, जुन्या रूढी मोडल्या गेल्या. राजाराम पैंगिणकरांनी 'मी कोण?' असे रोखठोक नाव देऊन आपले आत्मचरित्र लिहिले. परंतु अपमानातून बाहेर पडू पाहणाऱ्या माणसांना मागचे दिवस उगाळणे नको असते, हेही स्वाभाविक होते. अनेक घरांतून आजीची गाणी उरली, पण आजीची हकीकत कुणी सांगेनासे झाले. ज्या जीवनाची चित्रे घ्यावयाची, ते जीवनच असे पडद्याआड गेले.

दुसरे कारण राजकीय होते. हिंदुस्थानात चित्रपट आला तेव्हा आरंभीची चित्रे अनुबोधपटाच्याच जातीची होती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईत कुस्तीचे दृश्य टिपले, ते प्रत्यक्ष जीवनाचेच चित्रण होते. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये भारत सरकारचे फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले आणि देशातील कला, सण, कारागीर यांच्यावरचे अनुबोधपट गावोगावच्या चित्रगृहांत दिसू लागले. परंतु त्या वेळी गोवा परकी सत्तेखाली होता. १५ ऑगस्ट १९५५ रोजी पेडणे तालुक्यातील पत्रादेवी येथे निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळीबार केला. त्यानंतर भारत सरकारने सरहद्द बंद केली, रेल्वेचे दळणवळण तोडले. ज्या वाटेने दशावतारी पेटारा आणि नाटक मंडळ्यांचे सामान पिढ्यानपिढ्या ये-जा करीत आले, त्याच वाटेवर आता बंदुका उभ्या राहिल्या. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला तोवर देशातील अनुबोधपटाच्या उमेदीची तेरा-चौदा वर्षे निघून गेली होती. आणि तोवर जुन्या पिढीतले कितीतरी कलावंतही गेले होते.

मुक्तीनंतर परिस्थिती पालटली. पणजीचे नभोवाणी केंद्र आकाशवाणीचे झाले. १९७० मध्ये कला अकादमी स्थापन झाली. पण फिरत्या कलावंतांच्या जीवनाकडे कॅमेरा वळण्यास आणखी बराच काळ जावा लागला. त्या दृष्टीने दोन अनुबोधपट लक्षात घेण्याजोगे आहेत, आणि दोहोंचेही सूत्र कुर्डी या गावापर्यंत जाते.

कुर्डी हे सांगे तालुक्यातील गाव. पेडण्यापासून ते दूर, गोव्याच्या पार दुसऱ्या टोकाला. मोगूबाई कुर्डीकर १९०४ साली तेथे जन्मल्या. मुलगी मोठी गायिका व्हावी हा त्यांच्या आईचा, जयश्रीबाईंचा ध्यास. त्यासाठी तिने पोरीला चंद्रेश्वर भूतनाथ संगीत मंडळीत घातले. आई लवकर गेली. पुढे सातारकर स्त्री संगीत मंडळीत मोगूबाई भूमिका करू लागल्या, 'सौभद्रा'तली सुभद्रा झाल्या. नाटक मंडळीचे जिणे म्हणजे आज या गावी, उद्या त्या गावी. मालकाची मर्जी फिरली की पोराबाळांनाही बिऱ्हाड उचलावे लागे. मंडळीतून बाहेर पडलेली ही मुलगी सांगलीस राहून रियाज करीत होती. औषधोपचारासाठी तेथे आलेल्या अल्लादिया खाँसाहेबांच्या कानांवर तो स्वर पडला आणि एका अनाथ मुलीच्या आयुष्याला निराळे वळण लागले. फिरत्या जीवनाने तिचे हाल केले हे खरे. पण ती फिरती नसती, तर त्या दिवशी सांगलीत नसती, हेही खरे.

मोगूबाईंची कन्या किशोरी आमोणकर. मोठ्या गायिका झाल्यावर किशोरीताईंनी मुलाखतींतून आपल्या आईच्या दौऱ्यांविषयी कडवटपणे सांगितले आहे. तंबोऱ्यावर साथ करण्यासाठी त्या आईबरोबर जात. तिसऱ्या वर्गाचा प्रवास, उतरण्याची गैरसोय, बिदागीच्या वेळची आयोजकांची वागणूक, हे सारे त्या मुलीने पाहिले. पुढे स्वतः किशोरीताई मैफलीच्या अटींबाबत अत्यंत काटेकोर, कित्येकांच्या मते हट्टी, ठरल्या. त्या हट्टाचे मूळ आईच्या त्या प्रवासांत होते. आईच्या वाट्याला आलेले आपल्या वाट्याला येऊ द्यायचे नाही, असा तो निश्चय होता. येथे पेडण्याचाही एक धागा येऊन मिळतो: आईखेरीज ज्यांच्याकडून किशोरीताई शिकल्या, त्यांत अंजनीबाई मालपेकर होत्या.

किशोरीताईंवर अमोल पालेकर आणि संध्या गोखले यांनी २०११ साली 'भिन्न षड्ज' हा अनुबोधपट केला. 'भिन्न षड्ज' हे एका रागाचे नाव. पण वेगळ्या वाटेने जाणाऱ्या कलावंताला ते शोभून दिसते. त्यात गायिकेचे गाणे आहे, आणि तिचे बोलणेही आहे. आपले खाजगी जीवन सहसा कुणापुढे न उलगडणारी ही कलावती कॅमेऱ्यासमोर बसली आणि आपल्या विचाराविषयी, साधनेविषयी आपल्या शब्दांत बोलली, हे त्या चित्रपटाचे मोल. अंजनीबाईंच्या चित्रात आणि या चित्रपटात शंभरएक वर्षांचे अंतर आहे. पण खरे अंतर वर्षांचे नव्हे. तेथे स्त्री पाहिली जात होती. येथे ती स्वतः पाहते आहे आणि बोलते आहे. २०१७ मध्ये किशोरीताई गेल्या. चित्रपट सहा वर्षे उशिरा निघाला असता, तर ते बोलणे कायमचे हरवले असते.

दुसरा अनुबोधपट सौम्यानंद साही यांचा. 'रिमेंबरिंग कुर्डी' या नावाने तो २०१६ साली निघाला. साळावली धरणाच्या पाण्याखाली कुर्डी गाव गेले आणि तेथील रहिवाशांना इतरत्र वसविण्यात आले. मात्र दर वर्षी मे महिन्याच्या सुमारास जलाशय ओसरला की जुन्या गावाची जोती उघडी पडतात. मग गावकरी तेथे येतात, देवाला भेटतात, आपापल्या घराची जागा मुलाबाळांना दाखवितात. साहींच्या कॅमेऱ्याने ही परतभेट टिपली. एरवी माणूस फिरतीवर जातो आणि गाव जागच्या जागी राहते; येथे गावच नाहीसे झाले. अशा वेळी 'कुर्डीकर' हे आडनाव केवळ ओळखीचे राहत नाही, ते बुडालेल्या गावाचे उरलेले दस्तऐवज बनते.

दोन्ही चित्रपटांचा गुण एकच आहे. त्यांनी कलेच्या मागे जाऊन माणूस आणि त्याची जागा शोधली. महाराष्ट्रातही याच जातीचे काम झाले आहे. सावित्री मेधातुल यांच्या 'नटले तुमच्यासाठी' या अनुबोधपटाने लावणी कलावतींचे रंगमंचाबाहेरचे जीवन दाखविले. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी जत्रांतून फिरणाऱ्या तंबू-चित्रगृहांचा कित्येक वर्षे पाठपुरावा केला, आणि त्यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' २०१६ साली कान येथील महोत्सवात दाखविला गेला. या कामांवरून एक गोष्ट स्पष्ट होते. फिरत्या माणसाचे चित्र उभ्या-उभ्या घेता येत नाही. त्याच्याबरोबर फिरावे लागते. पहिल्या दिवशी तो कॅमेऱ्यासाठी नीट उभा राहतो, ठरावीक वाक्ये बोलतो. पुष्कळ दिवस बरोबर काढल्यावर तो कॅमेरा विसरतो, तेव्हा कुठे खरे चित्रण सुरू होते.

ही रीत ध्यानी घेतली, म्हणजे पेडणे आणि डिचोलीकडे पुन्हा वळावेसे वाटते. येथे फिरस्तीची परंपरा अजून संपलेली नाही. पावसाळा सरून कार्तिक लागला की जत्रांचा हंगाम सुरू होतो आणि दशावतारी मंडळ्या बाहेर पडतात. पूर्वी रंगभूषेचे व वस्त्रांचे पेटारे डोक्यावर घेऊन मंडळी एका गावाहून दुसऱ्या गावी पायी जात. आता टेम्पो आला आहे. पण रात्रीचा क्रम बहुतांशी तोच आहे. देवळाच्या परिसरात पेटारा उतरतो, त्याची पूजा होते. नट आपला चेहरा आपल्या हाताने रंगवितात. पायपेटी, मृदंग आणि झांज यांच्या साथीवर सूत्रधार गातो. गणपती येतो, ऋद्धिसिद्धी येतात, सरस्वती मोरावरून येते, संकासुर लोकांना हसवितो. मग आख्यान लागते. त्याला लिहिलेली संहिता नसते. कथानक ठरलेले, संवाद मात्र त्या रात्रीचे. रंगमंचावर एक बाकडे असते. तेच सिंहासन, तेच पर्वत, तेच शेज. स्त्रीची भूमिका पुरुषच करतो, आणि ती इतक्या शालीनतेने करतो की पुढे बसलेल्या बायाबापड्या पदर डोळ्यांना लावतात. पहाटे दहीकाला होतो, आणि राजाचा मुकुट उतरवून नट पुन्हा शेतकरी होतो.

जे दर रात्री नव्याने बोलले जाते आणि सकाळी हवेत विरून जाते, त्याची नोंद पुस्तकाने होत नाही. तबकडीनेही होणार नाही, कारण बाकड्याचा पर्वत झालेला तिला दिसत नाही. ती नोंद करण्यास चित्रपटाएवढे समर्थ साधन दुसरे नाही. योगायोग असा की, २००४ पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव गोव्यात भरतो, आणि तोही बहुधा नोव्हेंबरात, म्हणजे जत्रांचा हंगाम तोंडावर असतानाच. पणजीत जगभरचे चित्रपट दाखविले जातात, त्याच सुमारास तेथून काही कोसांवर दशावताराचे पेटारे उघडण्याची तयारी चालते. या दोन रात्री एकमेकींना भेटल्या पाहिजेत.

त्याला फार काळ उरलेला आहे असे मानून चालता येणार नाही. डिचोलीचे डोंगर लोहखनिजासाठी अनेक दशके खणले गेले. पेडण्यात मोपाच्या पठारावर २०२३ च्या आरंभी नव्या विमानतळावरून वाहतूक सुरू झाली. जमिनीची किंमत वाढली, गावाची घडण बदलत चालली. याबद्दल केवळ हळहळणे उपयोगाचे नाही. पेटारा डोक्यावरून टेम्पोत गेला, त्याने नटाची मान मोकळी झाली, हे चांगलेच झाले. प्रश्न वाहनाचा नाही. रात्रभर जागणारा प्रेक्षक, संहितेवाचून बोलू शकणारा नट आणि त्याला शेतीच्या दिवसांत घरी परतू देणारे गाव, ही तिन्ही जोवर एकत्र आहेत, तोवर या जीवनाचे चित्रण करता येईल. यांपैकी एक जरी निखळले, तरी उरेल तो स्पर्धांच्या रंगमंचावरचा तासाभराचा देखावा.

मात्र कॅमेरा घेऊन जाणाऱ्याने एक पथ्य पाळले पाहिजे. हिराबाई पेडणेकरांना समाजाने जे दिले नाही, मोगूबाईंना दौऱ्यावर जे पुष्कळदा मिळाले नाही, ते त्याने आधी दिले पाहिजे. ते म्हणजे बरोबरीचा मान. दारिद्र्याचे प्रदर्शन मांडून टाळ्या मिळविणे सोपे असते, जुन्या अपमानांची खपली काढून अश्रू मिळविणे त्याहून सोपे असते. ज्याचे जीवन दाखवावयाचे, त्याची संमती हवी. काय सांगायचे आणि काय मनातच ठेवायचे, हे ठरविण्याचा हक्क त्याचा आहे. अंजनीबाईंनी मैफल सोडताना बाळगलेले मौनसुद्धा त्यांच्या चरित्राचा भाग आहे. ते मौन मोडून काढण्यापेक्षा ते का पाळले गेले, हे प्रेक्षकाच्या ध्यानी आणून देणारा अनुबोधपटकार अधिक मोठा.

गोमंतकातील कलावंतांनी गाव आपल्या नावात बांधून नेले, आणि त्या नावांना देशभर कीर्ती मिळवून दिली. लामगावची तालीम, मालप्याहून मुंबईस गेलेली वाट, पत्रादेवीचा बंद झालेला आणि पुन्हा उघडलेला रस्ता, दशावताराचे रात्रीचे बाकडे, या सर्वांची मिळून एक कथा आहे. तिच्यातील सूर बऱ्याच अंशी जतन झाले. त्या सुरांची वाट अजून पुरती चित्रित व्हायची आहे, आणि ती ज्यांच्या पायांना ठाऊक आहे अशी माणसे पेडण्यात व डिचोलीत आजही प्रत्येक कार्तिकात घराबाहेर पडत आहेत.